मोगादिशूतून सुटल्यावर

ती. वसंतमामांस,


‘एस्केप फ्रॉम मोगादिशू’बद्दलचं तुमचं पत्र मिळालं. गाड्यांच्या पाठलागापर्यंत चित्रपटाने तुम्हाला खुर्चीला खिळवून ठेवलं, पण शेवट फार थंड वाटला. एवढी माणसं मृत्यूच्या दाढेतून परत आली आणि दिग्दर्शकाने त्यांना आनंदाचा एक क्षणसुद्धा दिला नाही, ही तुमची तक्रार. मला मात्र वाटतं की र्‍यू स्युंग-वान यांनी हा सगळा चित्रपट त्या थंड शेवटासाठीच केला आहे. पाठलाग कितीही थरारक असला, तरी या माणसांना खरी भीती कुणाची होती, ते शेवटच्या काही मिनिटांतच कळतं.

प्रसंगाची पार्श्वभूमी आठवा. 1969 साली सोमालियात लष्करी उठावातून सत्तेवर आलेल्या सियाद बारे यांची राजवट 1990च्या अखेरीस कोसळायला लागली आणि बंडखोर राजधानी मोगादिशूत शिरले. दोन्ही कोरियांच्या वकिलाती त्या शहरात होत्या, कारण दोघांनाही संयुक्त राष्ट्रांचं सदस्यत्व हवं होतं आणि त्यासाठी आफ्रिकी देशांची मतं मोलाची होती. चित्रपटाचा सुरुवातीचा भाग या शह-काटशहात जातो. मग शहर पेटतं आणि ही स्पर्धा एका रात्रीत निरर्थक होते. 1961च्या व्हिएन्ना कराराने वकिलातीची जागा अभेद्य मानली आहे. युद्ध पेटलं तरी परक्या वकिलातींतल्या माणसांना सुखरूप बाहेर पडायला मदत करणं हे यजमान देशाचं कर्तव्य ठरवलं आहे. पण हे वचन पाळायचं कुणी? सरकारच विरघळलं की वकिलातीची भिंत इतर कुठल्याही घराच्या भिंतीसारखी होते. अमेरिकेने जानेवारी 1991च्या पहिल्या आठवड्यात समुद्रातल्या युद्धनौकांवरून हेलिकॉप्टर पाठवून 281 जणांना बाहेर काढलं, त्यात सोव्हिएत राजदूतही होते. म्हणजे शीतयुद्धातले दोन मोठे वैरी एकाच हेलिकॉप्टर-मोहिमेत सुटले. त्यांच्या वैराने दुभंगलेल्या कोरियाच्या दोन तुकड्यांजवळ मात्र किनाऱ्यालगत एकही जहाज नव्हतं. लुटली गेलेली उत्तरेची मंडळी मुलाबाळांसह दक्षिणेच्या दारात येऊन उभी राहतात, ती या परिस्थितीत.

इथून पुढे चित्रपटात दोन भीती शेजारी शेजारी चालतात. एक बंदुकीची, ती दिसते. दुसरी आपल्याच सरकारची. दक्षिण कोरियात 1948पासून राष्ट्रीय सुरक्षा कायदा आहे आणि उत्तरेच्या माणसांशी परवानगीवाचून संबंध ठेवणं त्याखाली गुन्हा ठरू शकतं. उत्तरेत याची शिक्षा किती भयंकर असेल, ते पात्रांच्या चेहऱ्यांवरच वाचता येतं. म्हणून सोलच्या गुप्तचर अधिकाऱ्याला समोर भुकेली माणसं दिसत नाहीत, पक्षांतराची संधी दिसते. पुढे इटलीच्या वकिलातीत आसरा मागायची वेळ येते, तेव्हा हीच गोष्ट उलटी फिरते. इटलीचे उत्तर कोरियाशी तेव्हा राजनैतिक संबंध नव्हते (ते 2000 साली जुळले), त्यामुळे ही माणसं दक्षिणेकडे येणार आहेत असं दक्षिणेचा राजदूत खोटंच सांगतो, आणि दार उघडतं. जीव वाचवायचा तर कुठल्या तरी सरकारच्या कागदावर असावं लागतं, हे त्या खोट्याने जितकं उघडं पडतं तितकं कुठल्याही भाषणाने पडलं नसतं.

आता जेवणाचा प्रसंग घ्या. अन्नात विष असेल या शंकेने उत्तरेचे लोक हात आखडतात. दक्षिणेचा राजदूत आपला वाडगा पाहुण्याच्या वाडग्याशी बदलतो आणि जेवू लागतो. मग मुरवलेल्या पेरिलाच्या पानांची चळत येते. एक बाई वरचं पान सोडवू पाहते, खालचं त्याला चिकटून येतं, आणि समोरच्या बाजूची बाई काही न बोलता चॉपस्टिकने खालचं पान दाबून धरते. ‘आपण एकाच रक्ताचे’ असं इथे कुणी म्हणत नाही. चित्रपट गळेकाढू आहे असा आक्षेप काहींनी घेतला, पण मला तो पटत नाही. त्यांची जवळीक गरजेतून आली आहे आणि गरजेइतकीच टिकणार, हे दिग्दर्शक विसरत नाही.

म्हणून शेवट तसा आहे. केनियातल्या मोम्बासाला सुटकेचं विमान उतरतं, बाहेर दोन्ही सरकारांचे अधिकारी वाट पाहत असतात, आणि निरोप विमानातच उरकावा लागतो. उतरल्यावर कुणी कुणाकडे पाहायचं नाही. आया मुलांचे डोळे झाकतात. ‘आर्गो’ या चित्रपटाशी तुलना करा: तिथे इराणची हद्द ओलांडली की गोष्ट सुटते, पुढे स्वागत आणि कौतुक. इथे शेवटचं नाकं आपल्याच माणसांचं आहे. मामा, तिथे मिठ्या आणि अश्रू दाखवले असते, तर आधीच्या दोन तासांत जमवलेलं सगळं खोटं ठरलं असतं.

पाठलाग खोटा आहे, गाड्यांना पुस्तकं आणि वाळूच्या पिशव्या बांधणं ही कल्पनाच आहे, हा तुमचा दुसरा मुद्दा. अतिरंजन आहे हे मान्य. पण दोन्ही वकिलातींची माणसं एकत्र निघाली, गोळीबारात सापडली आणि उत्तरेचा एक माणूस दगावला, हे घडलेलं आहे. कल्पनेचा हिशेब मी एवढ्याच कसोटीवर करेन की तिने कुणाचं श्रेय हिरावलं का. ‘आर्गो’ने हिरावलं: तेहरानमध्ये सहा अमेरिकनांना लपवण्याची जबाबदारी घेणारे कॅनडाचे राजदूत केन टेलर तिथे दुय्यम झाले, आणि त्यांच्या सुटकेच्या मोहिमेतला 90 टक्के वाटा कॅनडाचा होता असं खुद्द जिमी कार्टर यांना 2013 साली सांगावं लागलं. मोगादिशूच्या चित्रपटातली वाळूची पोती कुणाच्या वाट्याचं काही घेत नाहीत.

एक आक्षेप तुम्ही घेतला नाहीत, पण तो सगळ्यांत जड आहे. सोमाली माणसं या चित्रपटात बहुतेक वेळ नुसती गर्दी आहेत. वकिलातीचा स्थानिक ड्रायव्हर कथेत येतो, त्याचा प्रसंग संपला की कथा पुढे निघून जाते. दक्षिण कोरियन नागरिकांना सोमालियात जायला बंदी असल्याने चित्रीकरण मोरोक्कोत झालं हे खरं, पण जागा बदलली म्हणून पात्रं लिहिता येत नाहीत असं नाही. जानेवारीअखेर बारे पळाले आणि त्यानंतर कित्येक वर्षं त्या देशाला नीट चालणारं केंद्रीय सरकार मिळालं नाही. सरकार कोसळल्यावर माणसाचं काय होतं, हा प्रश्न चित्रपटाने स्वतःच उभा केला होता, आणि तो ज्यांना सर्वाधिक लागू होता त्यांच्यासाठी मोम्बासाचं विमान नव्हतं. याचं समर्थन माझ्याजवळ नाही, आणि मला ते शोधावंसंही वाटत नाही.

मामींना नमस्कार.

तुमची,
मीरा