तिसऱ्या बाकावरची कुजबूज

शिक्षकाचे कान ही मोठी चमत्कारिक चीज आहे. शेजारच्या वर्गात छप्पर उडून जाण्याइतका गोंधळ चालला तरी तो त्यांना ऐकू येत नाही. पण आपल्या वर्गात कुणी नुसते ओठ हलवले, की ते ताबडतोब टवकारतात. माझ्या कानांचा मला फार अभिमान होता. तो १९७४ साली एका तेरा वर्षांच्या मुलीने उतरवला. गोष्ट तशी क्षुल्लक. पण पन्नास वर्षे झाली तरी ती माझा पिच्छा सोडीत नाही.

मी तेव्हा वसई तालुक्यातल्या एका शाळेत नव्यानेच लागले होते. पालघर जिल्हा आणि वसई-विरार महानगरपालिका या फार पुढच्या गोष्टी. तेव्हा आम्ही ठाणे जिल्ह्यातले. केळीच्या बागा, पानवेली, विहिरींचे रहाट आणि संध्याकाळच्या शांततेत चर्चची घंटा, अशी आमची वसई होती. वर्गात कोळ्यांची मुले, वाडवळांची मुले, सामवेदी ख्रिस्ती मुले आणि सोपाऱ्याहून येणाऱ्या कोकणी मुसलमानांच्या दोन-तीन मुली, अशी भेळ असे.

त्या दिवशी इतिहासाच्या तासाला मी इस्लामच्या उदयाचा धडा वाचून दाखवीत होते. मक्का, मदिना, इ. स. ६२२ मधले स्थलांतर, हिजरी सनाचा आरंभ, सगळे कसे सनावळीला धरून चालले होते. पण मधूनमधून तिसऱ्या बाकावरून एक कुजबूज येई. मी थांबले की थांबे. वाचू लागले की थोड्या वेळाने पुन्हा येई. मी पुस्तकाच्या वरून पाहिले. सोपाऱ्याची मुलगी! मान खाली, ओठ हलताहेत.

"काय बडबड चालली आहे?" मी विचारले.

ती उभी राहिली आणि गप्प राहिली. गप्प राहणारे मूल शिक्षकाला उद्धट वाटते. वय पंचविशीचे असले तर अधिकच वाटते. मी तिला दाराबाहेर उभे केले आणि धडा पुढे चालू केला. दोन ओळी झाल्या नाहीत तोच मुले हसू लागली. दाराबाहेर उभी राहूनही तिचे ओठ हलतच होते. मी पुस्तक मिटले आणि जे बोलू नये ते बोलले. काय बोलले ते इथे लिहीत नाही. तिच्या डोळ्यांतून पाणी आले, एवढे पुरे.

दुसऱ्या दिवशी ती शाळेत आली ती हातात पानात बांधलेली सुकेळी घेऊन. वसईची सुकेळी! राजेळी केळी सोलून उन्हात वाळवून केलेला तो मेवा. पुडी टेबलावर ठेवून ती म्हणाली, "बाई, दादीने सांगितलंय, राग सोडा. मी यापुढे मनातल्या मनात म्हणेन."

"पण काय म्हणतेस?"

"दरूद," ती म्हणाली, आणि पळाली.

अपराध माझा आणि सुकेळी त्यांची! हा हिशेब मला काही चैन पडू देईना. शुक्रवारी शाळा सुटल्यावर मी तिच्याबरोबर सोपाऱ्याला गेले.

सोपारा म्हणजे पूर्वीचे शूर्पारक. १८८२ साली पंडित भगवानलाल इंद्रजींना तिथे बौद्ध स्तूप आणि अशोकाच्या शिलालेखाचा तुकडा सापडला, हे मी वर्गात मोठ्या रुबाबात शिकवीत असे. दहाव्या शतकातल्या अरब प्रवाशांनीही या बंदराचे नाव लिहून ठेवले आहे, हेसुद्धा मला ठाऊक होते. पण त्या गलबतांबरोबर नुसते घोडे आणि खजूर आले नाहीत, शब्दही आले आणि ते अजून इथल्या घरांत राहतात, हे मात्र मला त्या दिवसापर्यंत सुचले नव्हते.

दादी ओसरीवर बसल्या होत्या. समोर पांढरी चादर, चादरीवर चिंचोक्यांचा ढीग. एकेक चिंचोका उचलायचा, ओठ हलवायचे, चिंचोका पलीकडच्या ढिगात टाकायचा. मला पाहून त्यांनी हातातला चिंचोका आधी पलीकडे टाकला आणि मग म्हणाल्या, "या बाई, बसा."

मी माफी मागायची तयारी करून गेले होते. पण त्यांनी ती मला मागूच दिली नाही. "पोरीचंही चुकलंच. वर्गात हळू म्हणायचं," असे म्हणून त्यांनी विषय संपवला. मग मीच विचारले, "दादी, हे दरूद म्हणजे काय?"

त्या थोडा वेळ शब्द शोधीत राहिल्या. "पैगंबरांचं नाव कानावर आलं की म्हणायचं, अल्लाहची कृपा आणि शांती त्यांच्यावर असो. सल्लल्लाहु अलैहि व सल्लम. नाव ऐकलं आणि गप्प राहिलं तर तो माणूस कंजूष. असं त्यांनीच सांगितलंय."

"म्हणजे तुम्ही त्यांच्याकडे काही मागता?"

दादी चक्क हसल्या. "त्यांच्याकडे नाही हो! मागायचं ते अल्लाहकडेच. पण त्यांच्यासाठी मागायचं."

मी बुचकळ्यात पडले. आमच्या घरी माझी आई वहीत रामनाम लिहीत असे. नंदाखालची माझी एक सहशिक्षिका होती, तिची आई संध्याकाळी गुडघे टेकून माळेचे मणी ओढीत 'नमो मरिये' म्हणे. चिंचोके पाहून मला वाटले होते, हाही त्यातलाच प्रकार. मोजणी सारखी होती खरी, पण रोख निराळा होता. रामाचे नाव घेतले ते राम पावावा म्हणून. मरियेला विनवले ते तिने आपल्यासाठी देवाजवळ शब्द टाकावा म्हणून. इथे मात्र भक्तच देवाजवळ शब्द टाकतो, आणि तोही ज्यांनी आपल्याला वाट दाखवली त्यांच्यासाठी. मोठ्या माणसासाठी लहान माणसाने मागायचे!

पुढे मी या विषयावर मिळेल ते वाचले. अरबीत याला सलात, अनेकवचनी सलवात म्हणतात. 'दरूद' हा फारसी शब्द आपल्याकडे रुळला. कुराणाच्या तेहेतिसाव्या अध्यायातल्या छपन्नाव्या आयतीत त्याची आज्ञा आहे, आणि ती सांगण्याची रीत मोठी विलक्षण आहे. देव आणि त्याचे फिरिश्ते पैगंबरांवर कृपेचा वर्षाव करतातच, तेव्हा श्रद्धावंतांनो, तुम्हीही करा, असा तिचा आशय. एरवी आज्ञा देणारा वर आणि पाळणारा खाली असतो. इथे आज्ञा देणाऱ्याने आधी स्वतः सुरुवात केली आहे.

नमाजाच्या शेवटच्या बैठकीत जो दरूद म्हणतात, त्यात इब्राहीम आणि त्यांच्या कुटुंबीयांवर केलीस तशी कृपा मुहंमद आणि त्यांच्या कुटुंबीयांवर कर, अशी विनवणी असते. कोकणी मुसलमान शाफई पंथाचे. त्यांच्यात हा दरूद नमाजाचा अनिवार्य भाग आहे. हनफी पंथात तो सुन्नत मानतात. म्हणजे सोपाऱ्याच्या त्या घरात दिवसातून पाच वेळा तरी ते शब्द उच्चारले जात. शुक्रवारी अधिक, म्हणून तर चिंचोक्यांचा ढीग! एकदा म्हटले तर देवाकडून दहापट कृपा परत येते, अशी श्रद्धा आहे. पण दादींनी या दहापटीचा उल्लेखसुद्धा केला नाही.

दुवा मागतानाही आधी दरूद आणि शेवटी दरूद म्हणतात. माझ्या शिक्षकी डोक्याला ते पत्रासारखे वाटते. वर मायना, खाली सही, मध्ये आपले रडगाणे. पंधराव्या शतकात मोरोक्कोच्या जझूली नावाच्या सत्पुरुषाने अशा दरूदांचा 'दलाइलुल खैरात' हा ग्रंथ रचला. त्याच्या प्रती दूरदूरच्या देशांत गेल्या, हिंदुस्थानातही आल्या. मीलादच्या मेळाव्यात उभे राहून सामुदायिक सलाम म्हणावा की नाही, यावर मात्र मुसलमानांतच मतभेद आहेत. छापील पुस्तकांत नावापुढे नुसते '(स.)' लिहितात, तेही काही विद्वानांना आवडत नाही. आशीर्वाद देतानाही शाईची काटकसर करायची का, असे त्यांचे म्हणणे!

पण हे सारे नंतरचे. त्या शुक्रवारी दादींनी मला सहज विचारले, "बाई, तुम्हाला शिकवलं ते कोण?"

मी माझ्या गुरुजींविषयी सांगितले. चौथीनंतर माझी शाळा बंद होणार होती. गुरुजी तीन वेळा आमच्या घरी येऊन वडिलांशी भांडले, म्हणून मी पुढे शिकले; नाहीतर आज या ओसरीवर 'बाई' म्हणून बसले नसते. सांगताना मला भरून आले.

"त्यांचं नाव निघालं की तुम्ही काय म्हणता?" दादींनी विचारले.

त्यांनी हे निर्व्याजपणे विचारले होते. आमच्यात काय पद्धत आहे, एवढेच त्यांना हवे होते. मला उत्तर देता आले नाही. गुरुजी वारून सहा वर्षे झाली होती आणि त्या सहा वर्षांत मी त्यांची आठवण किती वेळा काढली, ते मोजायला चिंचोक्यांची गरज नव्हती; हाताची बोटे पुरली असती. कंजूष कोण, ते मला कळले.

सोमवारी मी वर्गात सांगितले, "गेल्या आठवड्यात माझी चूक झाली. ती बडबडत नव्हती. ती एका थोर माणसाचे चांगले चिंतीत होती." मुले चिडीचूप झाली. मुलगी मात्र वर पाहीना. मुले शिक्षकाला क्षमा करतात की नुसती विसरतात, हे मला अजून कळलेले नाही. त्या वर्षी ती पुन्हा माझ्या तासाला मोठ्याने काही बोलली नाही, एवढे खरे. मागितलेल्या माफीने सगळेच परत मिळते असे नाही.

पुढे तीस-बत्तीस वर्षे मी शिकवले. तो धडा दरवर्षी येई. पैगंबरांचे नाव वाचले की मी क्षणभर थांबे. नवीन मुलांना वाटे, बाईंना दम लागतो. एका धीट मुलाने तर एकदा पाण्याचा पेला आणून दिला! मी तो मुकाट्याने प्याले.

आता शाळा सुटली. सोपाऱ्याच्या बागांच्या जागी इमारती उभ्या राहिल्या. दादी केव्हाच गेल्या. परंतु वाचताना ते नाव आले, की मी अजून थांबते. तिसऱ्या बाकावरच्या मुलीला तिचे म्हणून घ्यायला तेवढा वेळ पुरतो. आणि तेवढ्यात मीही माझ्या गुरुजींचे नाव घेऊन टाकते.