हापसा शक १

वाशी म्हटलं की समोरच्याच्या डोळ्यांपुढे नवी मुंबईचं रेल्वे स्टेशन येतं. आमची वाशी धाराशिव जिल्ह्यातली, बालाघाटाच्या माथ्यावरची. आमच्या तालुक्यातल्या तेरखेड्याचे फटाके तुम्ही कधी वाजवले असतील, तर तेवढीच आपली ओळख.

या वाशीत, सहावी-सातवीत असताना, मी आणि माझ्या एका मित्राने मिळून एक देश तयार केला होता. दोनशे पानी वहीत. नाव कातळदेश. नकाशा, राजे, नाणी, लढाया. लिपीसुद्धा सुरू केली होती, पण ‘ढ’पर्यंत येऊन कंटाळलो. या देशाची कालगणना मात्र कुठल्या राजापासून सुरू होत नव्हती. ती हापशापासून होती. ‘हापसापूर्व’ आणि ‘हापसा शक’. शक १ला एक अजस्र गाडी येते, तीन दिवस धडधडत जमिनीला भोक पाडते, पांढरा चिखल उडतो आणि मग पाणी. त्यानंतर कातळदेशात सगळं बदलतं. बाया पहाटे तीनला उठत नाहीत, पोरी शाळेत जातात, आडात पडून कुणी मरत नाही.

आम्ही काही फार कल्पक नव्हतो. ते वर्ष आमच्या घरात रोज जेवायला बसायचं. १९७२. आजी कुठलीही गोष्ट ‘दुष्काळाच्या आदी’ नाहीतर ‘दुष्काळाच्या मागनं’ अशीच सांगायची, वडलांचा जन्मसुद्धा. लागोपाठच्या अपुऱ्या पावसानंतर त्या साली आभाळ पार फिरलं. बायामाणसं खडी फोडायला गेली. कामावर सुकडी मिळायची, रेशनवर अमेरिकेतून आलेली लाल मिलो. आजी म्हणायची, तिच्या भाकरीला चवच नव्हती, पण पोट चव विचारत नव्हतं. त्या कामांतूनच रोजगार हमी उभी राहिली आणि पुढे १९७७ साली तिचा कायदा झाला.

आमच्या पायाखाली काळा बेसॉल्ट. त्याच्या भेगांत असेल तेवढंच पाणी. आड आटला की सुरुंग लावून तो खोल करायचा, पुन्हा आटला की पुन्हा. बोअरने हा खेळच बदलला. पण नुसतं भोक पाडून भागत नव्हतं. सुरुवातीचे ओतीव लोखंडाचे पंप मुळात एका कुटुंबापुरते. गावाने दिवसभर हापसल्यावर ते टिकणार कसे? ठिकठिकाणी ते बंद पडून होते. त्यावर तोड निघाली ती आपल्याच बाजूला. जालन्यात आणि सोलापुरात, मिशनच्या बोअरच्या कामांतून, दणकट पंप तयार झाले. सोलापूरचा पोलादी. पुढे युनिसेफच्या मदतीने देशभर गेलेला ‘इंडिया मार्क टू’ त्याच सोलापुरी पंपावर बेतलेला आहे. दांड्याच्या टोकाला साखळी, त्यामुळे आतली सळई सरळ वर ओढली जाते, घासत नाही. एवढीशी युक्ती. शाळेच्या पुस्तकात वाफेचं इंजिन होतं, जेम्स वॅट होता, हापसा नव्हता. याचा मला अजून राग आहे.

गेल्या दिवाळीत माळवद उतरवताना ती वही सापडली. शक १चं पान मित्राच्या अक्षरात. अक्षर त्याचंच चांगलं होतं, म्हणून इतिहास तो लिहायचा आणि राजांची चित्रं मी काढायचो. त्या पानावर खालून तिसरी ओळ शाईने गच्च खोडलेली. खोडणारा मीच, शाईपेन माझ्याकडेच होतं. त्याने बॉलपेन दाबून लिहिलेलं, त्यामुळे उजेडात धरल्यावर ओळ वाचता आली.

‘शक १ पासून लोक हापसा धुऊन पाणी भरू लागले.’

मित्र पलीकडच्या वस्तीतला. त्या वस्तीचं नाव आम्ही तेव्हा सरळ जातीवरूनच घ्यायचो, कुणाला काही वाटायचं नाही. म्हणजे आम्हाला वाटायचं नाही. आडावर त्याची आजी कुणीतरी वरून पाणी घालेपर्यंत लांब थांबायची. हापशाने ते थांबणं संपवलं, हे खरंच. दांडा कुणाचा हात ओळखत नाही. पण त्यांची घागर भरून गेली की माझी आजी आधी दांड्यावर, मग तोटीवर तांब्याभर पाणी ओतायची, मग आपली घागर लावायची. मी तिच्यासोबत असायचो. कधीकधी तांब्या माझ्या हातात असायचा.

ओळ का खोडली ते मला नेमकं आठवतं. गोष्ट बिघडत होती. इतक्या छान वर्षात हे कशाला, असं मी त्याला म्हणालो होतो. तो काहीच बोलला नव्हता. त्या पानानंतर वही कोरी आहे.

त्याला फोन लावला. तो आता पिंपरीला असतो, दोन मुली आहेत. ओळ वाचून दाखवली. बराच वेळ टीव्हीचा आवाज येत राहिला.

“मला वाटलं होतं तुला कंटाळा आला,” मी म्हणालो.

“कटाळा न्हवता आला,” तो म्हणाला. मग जरा थांबून, “हाय का अजून त्यो हापसा?”

आहे. दांडा काढून टाकलाय, आत मोटार सोडलीय, बटन ग्रामपंचायतीचा माणूस दाबतो. नंतर नगरपंचायत झाली, माणूस तोच.

“पानाचा फोटू धाड,” तो म्हणाला. “पोरींना दावतो.”

फोटो काढला तर शाईचा नुसता काळा पट्टा दिसत होता. मग पान उलटलं. मागून बॉलपेनची अक्षरं उमटून वर आली होती, उलटी. खिडकीशी धरून त्याचा फोटो काढला आणि तोच पाठवला.