मुभा राखून

याचिका मागे घेण्याच्या अर्जावर सही करायला अर्धं मिनिट लागलं. त्या सहीपर्यंत यायला सहा वर्षं गेली होती.

नवी मुंबईतल्या एका सार्वजनिक कार्यालयात मी नोकरीला होतो. सेवाज्येष्ठतेच्या यादीत माझ्यामागून रुजू झालेले दोघे माझ्या वर गेले. हरकत नोंदवली, उत्तर आलं नाही. राज्य सरकारचे कर्मचारी अशा तक्रारी घेऊन १९९१ पासून 'मॅट'कडे, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जातात. आमचं कार्यालय त्या कक्षेत येत नव्हतं, म्हणून अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट दाखल केली. तारखेला रजा टाकायची, बेलापूरहून हार्बरची लोकल धरायची, सीएसएमटीहून फोर्टात चालत जायचं. बहुतेकदा बोर्डावर आपला नंबर येण्याआधीच कोर्ट उठायचं.

निवृत्तीला वर्ष उरलं तेव्हा साहेबांनी बोलावलं. "यादी दुरुस्त करू, पण आधी केस मागे घ्या." बायको म्हणाली, "घ्या की. किती दिवस ती फाईल उशाशी घेऊन झोपणार?" मीही थकलो होतो.

वकीलसाहेबांनी मात्र थांबवलं. "आधी लेखी आदेश हातात येऊ द्या. आणि माघार घेताना पुन्हा दाद मागण्याची मुभा मागू." १९८६ साली सरगुजा ट्रान्सपोर्टच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं आहे की, अशी मुभा न घेता रिट मागे घेतली, तर त्याच कारणासाठी पुन्हा रिट करता येत नाही. नुसतं अर्जात लिहून भागत नाही. ती मुभा न्यायालयाच्या आदेशात उतरावी लागते.

दुरुस्तीचा आदेश आला, मगच मी सही केली. एका सहकाऱ्याने विचारलं, "कच खाल्लीत का?" त्या प्रश्नाने काही रात्री झोप लागली नाही. मग उमगलं, माझं भांडण त्या यादीशी होतं. यादी नीट झाल्यावर कोर्टात उभं राहण्यात फक्त अहंकार उरला असता. पण हक्काची दुरुस्ती माघारीच्या अटीवर देऊ करणं मला आजही अन्याय वाटतो. चूक ज्याची, त्याने ती बिनशर्त सुधारावी.

तुमच्यापुढे कधी असा अर्ज आला, तर वाद मिटवायला लाजू नका. फक्त दुरुस्तीचा लेखी आदेश आधी घ्या, आणि न्यायालयाच्या आदेशात मुभेची ओळ आली आहे का, ते स्वतः वाचा.