राईतली सुपारी

राई म्हटले की गृहिणीला फोडणी आठवते आणि कवीला आंब्याची झाडे. भाईंदरच्या पश्चिमेकडून बसने जाणाऱ्याला मात्र तिसरीच राई ठाऊक असते आणि ती कंडक्टरच्या तोंडून ऐकू येते. स्टेशनाबाहेर उत्तनची बस धरावी. बाजार, इमारती, मोबाइलची दुकाने हे सारे मागे पडायला बराच वेळ लागतो. पण एकदा ते पडले की मुर्धा, राई, मोर्वा ही गावे एकमेकांना खेटून भेटतात. पुढे डोंगरी आणि शेवटी उत्तनचा समुद्र. शहरातली मंडळी या बसमध्ये बसतात ती समुद्रासाठी. राईला उतरणारे बहुधा राईचेच असतात. मी उतरायला उठले तेव्हा कंडक्टरने दोनदा विचारून खात्री करून घेतली.

हा सारा पट्टा म्हणजे जुने धारावी बेट. (मुंबईतल्या धारावीशी याची गल्लत करू नये.) १७३९ साली चिमाजीअप्पांच्या वसईच्या मोहिमेत इथला किल्ला मराठ्यांनी घेतला आणि वसईच्या खाडीचे तोंड त्यांच्या ताब्यात आले. इतिहासातली राईची बाजू एवढीच, आणि तीही शेजारधर्माने आलेली. अलीकडचा इतिहास त्याहून सोपा आहे. १९८५ साली मिरा-भाईंदरची नगरपरिषद झाली, २००२ साली महानगरपालिका झाली आणि आगरात मीठ पिकवणाऱ्यांचे गाव महानगरात जाऊन बसले. आगरी हे नावच मुळी आगरावरून आलेले. मिठाचा हंगाम हिवाळ्यापासून पहिल्या पावसापर्यंत. लग्नाचा हंगामही तोच. म्हणजे दिवसा आगरात आणि रात्री मांडवात, असा पूर्वी इथल्या माणसाचा उन्हाळा जात असे.

मी राईला गेले ती समुद्रासाठी नव्हे आणि किल्ल्यासाठीही नव्हे. गेले ती धवळ्यांसाठी. मराठीच्या वर्गात दरवर्षी महदंबेचे धवळे शिकवावे लागतात. तेराव्या शतकातली ही आपली आद्य कवयित्री, महानुभाव पंथातली. गोविंदप्रभूंच्या लग्नाचा खेळ मांडला गेला तेव्हा तिने ते रचले. लग्नात गायचे गीत तो धवळा, एवढे सांगून मी पुढच्या कवितेकडे वळत असे. त्याच्याही आधीच्या, बाराव्या शतकातल्या ‘मानसोल्लासा’त विवाहप्रसंगी धवल गावा असे म्हटले आहे, हेही परीक्षेला उपयोगी पडते म्हणून सांगायचे. यंदा मागच्या बाकावरची एक मुलगी उभी राहिली आणि म्हणाली, “बाई, आमच्याकडे अजून गातात. पुढच्या महिन्यात माझ्या भावाची हळद आहे. या ना!”

आठशे वर्षांपूर्वीचा काव्यप्रकार भाईंदरच्या बसने अर्ध्या तासावर असेल, तर प्राध्यापकाने सबब सांगणे बरे दिसत नाही.

आगरी हळद ही आपल्या हळदीसारखी नसते. आपल्याकडे पाच सुवासिनी, आंब्याची पाने आणि फोटोग्राफर एवढ्यात काम भागते. इथे हळद हाच मोठा सोहळा. लग्न म्हणजे दुसऱ्या दिवशी उरकायचे काम. मांडव दुपारपासून गजबजलेला. एका बाजूला बायका हळद दळायला बसलेल्या आणि त्यांच्या मध्यभागी एक म्हातारी, नऊवारी नेसलेली, डोळे अर्धवट मिटून गात होती. तीच धवलारीण. आगरी बोलीत ‘ळ’ नाही आणि ‘ण’ही नाही, म्हणून तिला म्हणायचे धवलारीन आणि ती गाते तो धवला. आगरी-कोळ्यांच्या लग्नातली ती पुरोहितच म्हणा ना. मांडव घालण्यापासून नवरी घरात येईपर्यंत प्रत्येक विधीला तिचे गाणे असते आणि ते झाल्याखेरीज विधी पुरा झाला असे कोणी मानत नाही.

मी तिच्याजवळ बसून राहिले. सुमारे तासाभराने एक गोष्ट माझ्या ध्यानात आली. तेलाची वाटी आणायला गेलेली आत्या काही केल्या परत येईना. मामाकडची माणसेही फाटकाशी कुणाशी तरी बोलत उभी राहिलेली. म्हातारीने एकदा डोळे उघडून पाहिले आणि गाणे लांबवले. मामाचे नाव त्यात आले, मामाच्या गावाचे आले, वाटेतल्या खाडीचेही आले. बायका हसल्या. फाटकातली मंडळी आपले नाव ऐकून लगबगीने आत आली, वाटीही आली. तेव्हा कुठे तिने ती ओळ सोडून पुढची धरली. माझ्या टिपणवहीत धवळ्याची व्याख्या दोन ओळींत होती. त्यात हे थांबणे कुठेच नव्हते.

संध्याकाळी मांडवाच्या दुसऱ्या टोकाला बेंजो पार्टी उभी राहिली. बेंजो हे वाद्य अमेरिकेतल्या बॅन्जोचे कोणी लागत नाही. ते जपानी. १९१२ साली नागोया शहरात ताइशोगोतो नावाचे एक तंतुवाद्य निघाले. त्याला टाइपरायटरसारखी बटणे होती. आपल्याकडे येऊन त्याचे बुलबुलतरंग झाले आणि मुंबईच्या चाळींत व कोळीवाड्यांत त्याला वीज जोडून बेंजो झाला. रवी जाधव यांनी २०१६ साली त्यावर हिंदी चित्रपट काढला तेव्हा पांढरपेशा प्रेक्षकाला ही दुनिया प्रथम दिसली. बेंजोच्या साथीला ढोलकी, ताशा, कोंगो, पॅड, की-बोर्ड. शान्ता शेळके यांनी लिहिलेली आणि हृदयनाथ मंगेशकरांनी चाली लावलेली कोळीगीते, वेसावकर मंडळींच्या कॅसेटींतली गाणी, कालचा सिनेमा, सगळे एकाच दमात. नवरदेवाची मावशी जवळ येऊन नाचू लागली तेव्हा वाजवणाऱ्याने तिच्याकडे पाहत ठेका अर्धा केला, ती दमल्यावर पुन्हा वाढवला. म्हणजे म्हातारीने दुपारी जे केले तेच हा पोरगा रात्री करीत होता. त्याला कोणी महदंबा शिकवली नव्हती.

बेंजो पार्टी ठरवणे याला ‘सुपारी देणे’ म्हणतात. हिंदी सिनेमाने या शब्दाला भलताच रंग चढवला असला, तरी मूळचा अर्थ अगदी मंगल आहे. सुपारी ठेवून आमंत्रण द्यायचे, ती उचलली की वचन झाले. आता सुपारीच्या जागी बयाणा असतो आणि तोही मोबाइलवरून येतो. वाजवणे थांबल्यावर मी पार्टीच्या पुढाऱ्याजवळ बसले. तिशीचा, दिवसा एका कंपनीत नोकरी करणारा. हिशेब त्याने बोटांवर सांगितला. टेम्पोचे भाडे, जनरेटर, स्पीकर, मुलांचे एकसारखे शर्ट, आणि उरेल त्याचे पंधरा वाटे.

“मग यावर घर चालते?” मी विचारले.

“नाय हो बाई. मीठ रास करून, गवतान झाकून ठेवता येतं. गानं ठेवता येत नाय. मुहूर्ताच्या दिवशी पाच घरची सुपारी येते, एकच घेता येते. मग आठ दिस खाली.”

अर्थशास्त्राच्या प्राध्यापकाने हेच सांगायला एक तास घेतला असता.

त्यातून २०२० च्या मार्चमध्ये टाळेबंदी आली ती नेमकी चैत्र-वैशाखाच्या तोंडावर. पुढे लग्नाला परवानगी मिळाली ती पन्नास माणसांची. पन्नासांत पंधरा वाजवणारे कोण घेणार? पार्टीतल्या एकाने तेव्हा की-बोर्ड विकला, तो पुन्हा आलाच नाही. त्याची जागा लॅपटॉपने घेतली. आता पुष्कळशा हळदींत एका बाजूला बेंजो आणि दुसऱ्या बाजूला डी.जे. अशी वाटणी असते, आणि काही ठिकाणी नुसताच डी.जे. लोक गाण्यावर खर्च करीत नाहीत असे मात्र मुळीच नाही. राईत त्या रात्री जो पैसा वाजण्यावर गेला तो पाहून मला माझ्या भावाच्या लग्नाची लाज वाटली. पण तो पैसा आता माणसांकडे कमी आणि खोक्यांकडे जास्त जातो. खोकी भाड्याची असतात, भाडे शहरात जाते.

मला डी.जे.चा राग नाही. आपण रागावायचे तरी कोणत्या तोंडाने? वाचकहो, आपल्या घरच्या शेवटच्या लग्नात सनई कोणी वाजवली ते आठवून पाहा. पेन ड्राइव्हने वाजवली. सनईवाला आणायचा म्हणजे त्याला खोली द्या, जेवण द्या, बिदागी द्या! राईच्या लोकांनी निदान पंधरा मुलांना जेवायला बसवले होते. उत्तनच्या ख्रिस्ती मंडळींकडे उंबराचे पाणी आणायला निघायचे तर अजूनही बँड लागतो, असे माझ्या विद्यार्थिनीने सांगितले, आणि तिच्या बोलण्यात किंचित स्पर्धेचा सूर होता.

दहा वाजता सगळे थांबले. रात्री दहा ते सकाळी सहा उघड्यावर ध्वनिवर्धक बंद, हा २००० सालच्या नियमांचा दंडक, आणि २००५ साली सर्वोच्च न्यायालयाने तो पक्का केला. वस्तीच्या भागात रात्री ४५ डेसिबलांची मर्यादा आहे. मी स्वतः पहाटे उठून पेपर तपासणारी बाई आहे, मला हा नियम प्रिय आहे. पण तो लागू होताच एक मौज झाली. डी.जे.ने आपली वायर गुंडाळली, बेंजोवाल्यांनी टेम्पो भरला आणि कोपऱ्यात म्हातारीचे गाणे चालूच राहिले. तिला वायर नव्हती.

या म्हातारीच्या वाट्याला काय येते? लुगडे, खण, नारळ, तांदूळ आणि यजमानाच्या मनात येईल ते पाकीट. राज्य शासनाचे ज्येष्ठ कलावंतांसाठी मानधन आहे, दरमहा ५,००० रुपये. त्यासाठी कला सादर केल्याचे पुरावे जोडावे लागतात. योजना चांगलीच आहे. पण धवलारणीने पुरावा कशाचा जोडावा? तिच्या कार्यक्रमाची जाहिरात नसते, वृत्तपत्रात परीक्षण येत नाही, लग्नपत्रिकेत आप्पा-काकांची पंचवीस नावे असतात त्यात तिचे नसते. ज्या जोडप्यांची लग्ने तिने गाऊन लावली त्यांना रांगेत उभे करता आले असते तर ती रांग भाईंदर स्टेशनापर्यंत गेली असती. जी.एस.टी.च्या कायद्यात २०१७ साली लोककला किंवा शास्त्रीय कला सादर करणाऱ्या कलावंताची दीड लाखापर्यंतची बिदागी करमुक्त ठेवली. दीड लाख हा आकडा मी आजीला सांगितला नाही. बेंजोवाल्याला सांगितला, तर तो म्हणाला, “बाई, आमचा लोककलेत धरतात का सिनेमात?” याचे उत्तर मला देता आले नाही.

एवढ्यात वृत्तपत्रे मात्र सांगत आहेत की आपल्याकडे प्रत्यक्ष संगीताला सोन्याचे दिवस आले. खोटे नाही ते. २०२५ च्या जानेवारीत कोल्डप्ले ही इंग्रज मंडळी नेरुळच्या डी. वाय. पाटील स्टेडियममध्ये तीन रात्री गायली. तिकिटे २,५०० रुपयांपासून ३५,००० रुपयांपर्यंत होती आणि ती हातोहात संपली. ध्वनिमुद्रित गाणे जवळजवळ फुकट झाले, तेव्हा गवई समोर दिसण्याला किंमत आली, असा त्यामागचा बाजारभाव. पण ज्या ब्रिटनमधून ही मंडळी आली, तिथेच २०२३ या एका वर्षात १२५ छोट्या जागांतले गाणे बंद पडले. तिथल्या छोट्या जागांच्या संस्थेनेच ही मोजदाद केली. मोठी मैफल फुगते आणि छोटी वाळते. कोल्डप्लेही अशाच एखाद्या लहान जागेत कधी काळी पहिल्यांदा उभे राहिले असणार. आपल्याकडची छोटी जागा म्हणजे मांडव. राईच्या मांडवात वाजवता वाजवताच त्या पोराचा हात तयार झाला, कुठल्या विद्यालयात नव्हे. मिरा रोडला लता मंगेशकरांच्या नावाचे देखणे नाट्यगृह झाले आहे. तिथे तो अजून प्रेक्षक म्हणूनही गेलेला नाही.

माझ्या विद्यार्थिनीने आता एक वही केली आहे. दर रविवारी ती आजीसमोर बसते आणि धवळे उतरवून घेते. मी मोठ्या कौतुकाने वही चाळली आणि आजीला म्हटले, “आता तुमची गाणी राहतील.” म्हातारी तंबाखू मळत होती.

“वयी वाचशील गो बाय,” ती म्हणाली, “पन मांडवान काय चाललंय ता वयीला दिसतंय का?” मग नातीकडे वळून दटावले, “दोन लगनाना माझे बाजूला बस. तोंड उघड.”

नात एका लग्नाला बसली. दुसऱ्या दिवशी तिची परीक्षा होती, तीही माझ्याच विषयाची. दुसऱ्या लग्नाची तारीख अजून धरलेली नाही.

हा अंक आपल्या हाती पडेल तेव्हा राईत बेंजोचे सराव चालू असतील, कारण तुळशीची लग्ने लागली की पहिल्या सुपाऱ्या. कुणाला ऐकायचे असेल तर रात्री दहाच्या आत जावे. धवळा ऐकायचा असेल तर दुपारीच, हळद दळायच्या वेळेला. आगरी मांडवात बोलावल्याशिवाय गेलेल्या माणसाला “कुनाकरचे तुमी?” असे एकदा विचारतात खरे, पण उत्तराची वाट न पाहता जेवायला बसवतात.