आवक आणि जावक

सरकारी चाकरीत बदलीचा हुकूम आला की भांडीकुंडी बांधून पाठवता येतात. भाषा मात्र ज्याची त्यानेच वाहून न्यायची असते. पूर्वी बंगळुरास बदलून आलेल्या मराठी माणसाला आपल्या भाषेतली करमणूक हवी असे, तेव्हा गांधीनगरातील महाराष्ट्र मंडळाची वाट धरावी लागे. गणेशोत्सवात एखादे नाटक, एखादी गाण्याची बैठक. तेवढ्या शिदोरीवर वर्ष काढायचे.

2016 साली हे चित्र पालटले. त्या सप्टेंबरात जिओची सेवा सुरू झाली आणि मोबाइलवर चित्रफिती पाहणे कारकुनाच्या पगारालाही झेपू लागले. त्याच वर्षी सारंग साठ्ये, अनुषा नंदकुमार आणि मूळची कॅनडाची पॉला मॅक्ग्लिन यांची 'भाडिपा' यूट्यूबवर अवतरली. चित्रपटगृह वा दूरदर्शन-वाहिनी यांची मनधरणी न करता मराठी विनोद थेट प्रेक्षकांच्या तळहातावर आला. सातारा जिल्ह्यातील 'कोरी पाटी'च्या मंडळींनी तर 'गावाकडच्या गोष्टी' गावाकडच्याच बोलीत मांडल्या. पुण्यामुंबईची भाषा हाच मराठीचा एकमेव पोशाख नव्हे, हे आम्हां पदवीधरांनाही त्यामुळे उमगले.

या सुबत्तेचे फळ आमच्या घरीही आले. आमची कन्या नऊ वर्षांची. शाळेत इंग्रजी बोलते, खेळताना कन्नड. साताऱ्याकडचा एखादा इरसाल टोमणा ऐकून ती नेमक्या जागी हसते, तेव्हा आमचा जीव सुखावतो. परंतु तिला काही विचारावे, तर उत्तर येते ते इंग्रजीतच.

कचेरीत आम्ही आवक-जावक नोंदवही सांभाळतो. घरच्या नोंदवहीत आवक भरपूर आणि जावक कोरी! यात दोष चित्रफितीचा नव्हे. ती बोलते, पण ऐकत नाही; आपला शब्द अडला, तर ती थांबून वाट पाहत नाही. मंडळाच्या नाटकात पाच वाक्यांची भूमिका मिळालेल्या मुलाला मात्र ती पाच वाक्ये चारचौघांत उच्चारावीच लागत. शंभर चित्रफितींनी न साधणारे काम ती पाच वाक्ये करून जात.

म्हणून आम्ही हल्ली एक रिवाज पाडला आहे. रात्री एक भाग पाहून झाला की त्यातील हकीकत कन्येने कोल्हापुरास आजीला फोनवरून सांगायची. पहिल्या रात्री जेमतेम दोन वाक्ये झाली. आता आजी "मग पुढं काय झालं गं?" म्हणून विचारते, आणि नात शब्द शोधत शोधत पुढे जाते. आजीला इंग्रजी येत नाही, ही केवढी मोठी सोय आहे!