एका यादीची पाठचिकित्सा

आम्ही दोघेही एकाच महाविद्यालयात मराठी शिकवतो आणि गेली काही वर्षे एम. ए.ची पाठचिकित्सेची अभ्यासपत्रिका निम्मी-निम्मी वाटून घेतो. पोथ्या नष्ट का होतात याची कारणे आम्ही वर्गात क्रमाने सांगतो: वाळवी, ओल, आग, आक्रमणे, आणि सर्वांत शेवटी वारसांचे अज्ञान. या शेवटच्या कारणापाशी आलो की वर्गात थोडे हसू पिकते, कारण पोथ्या रद्दीत घालणाऱ्या आणि नदीत सोडणाऱ्या वारसांचे किस्से आमच्या संग्रही पुष्कळ आहेत. गेल्या पावसाळ्यात त्या संग्रहात आमची स्वतःची भर पडली.

घरात एक संगणक आहे. टाळेबंदीच्या दोन वर्षांत, 2020 आणि 2021 मध्ये, आमचे चिरंजीव त्यावर स्कायरिम नावाचा खेळ खेळू लागले आणि पुढे बारावी होईपर्यंत खेळत राहिले. मग ते पुण्याला वसतिगृहात गेले आणि संगणक आमच्या ताब्यात आला. एका घराण्याकडून महाविद्यालयाला मिळालेल्या पोथ्यांची छायाचित्रे काढण्याचे काम आम्ही तेव्हा हाती घेतले होते, आणि ती ठेवायला जागा हवी होती. संगणकाच्या दुसऱ्या डिस्कवर ‘मॉड्स’ आणि ‘डाउनलोड्स’ अशी दोन फोल्डरे दिसली. दोन्ही मिळून 70 गीगाबाइटांहून अधिक. खेळ तर पहिल्या डिस्कवर आहे, तेव्हा ही अडगळच असणार, असा तर्क करून आम्ही ती पुसली. रिसायकल बिनही रिकामी केली. चिरंजीवांना विचारावे असे मनात आले नाही. खेळाविषयी आमच्या घरात बोलणे असे होत नसे. जे होई ते एकतर्फी असे.

पुढच्या रविवारी फोनवर हे सहज सांगितले. पलीकडे बराच वेळ काही ऐकू आले नाही. मग प्रश्न आला, “त्यानंतर मॉड ऑर्गनायझर उघडलात का?”

“नाही.”

“मग उघडूच नका. पहिल्या डिस्कवर ‘प्रोफाइल्स’ नावाचं फोल्डर असेल, आधी त्याची प्रत काढा.”

आवाज चढलेला नव्हता. चढला असता तर आम्हांला बरे वाटले असते.

वाचकांपैकी अनेकांना हा विषय आमच्याइतकाच परका असेल, म्हणून थोडे स्पष्टीकरण. स्कायरिम हा अमेरिकेतील बेथेस्डा गेम स्टुडिओजचा खेळ 11 नोव्हेंबर 2011 रोजी प्रसिद्ध झाला. 2016 मध्ये त्याची ‘स्पेशल एडिशन’ निघाली. एका कल्पित हिमप्रदेशात माणूस मुक्तपणे भटकतो, असे त्याचे ढोबळ स्वरूप. कंपनीने 2012 मध्ये खेळात भर घालण्याची साधनेही खेळणाऱ्यांच्या हाती दिली आणि जगभरच्या हौशी माणसांनी हजारो भरी घातल्या. कोणी आकाश बदलले, कोणी गावांत झाडे लावली, कोणी नवी पात्रे आणि नव्या कथा रचल्या. अशा प्रत्येक भरीला मॉड म्हणतात. आमच्या परिभाषेत सांगायचे तर हे प्रक्षेप होत. फरक एवढाच की येथे प्रक्षेपकार आपले नाव लपवत नाही आणि आपली ओवी मूळ कर्त्याच्या नावावर खपवत नाही.

अडचण अशी की अनेक प्रक्षेप एकाच स्थळावर हक्क सांगतात. दोन मॉडमध्ये एकाच नावाची फाईल असली तर खेळाने कोणती वाचावी? पूर्वी मॉडच्या फाईली थेट खेळाच्या फोल्डरात ओतत असत. नंतरची फाईल आधीचीवर बसे आणि खाली काय होते ते कायमचे पुसले जाई. मॉड ऑर्गनायझर ही आज्ञावली मूळ फोल्डराला हातच लावत नाही. प्रत्येक मॉड ती स्वतंत्र ठेवते आणि खेळ सुरू होताना त्या सर्वांचा एक आभासी थर मूळ संहितेवर पसरते, असा की खेळाला ते एकच फोल्डर वाटावे. खेळ बंद केला की थर नाहीसा होतो, मूळ जसेच्या तसे. आज्ञावलीच्या खिडकीत दोन रकाने असतात. डावीकडे मॉडचा अग्रक्रम, म्हणजे कोणाची फाईल कोणावर मात करील ते. उजवीकडे प्लगइनांचा क्रम, म्हणजे खेळातील नोंदी कोणत्या अनुक्रमाने वाचल्या जातील ते. एकाच पात्राविषयी दोन प्लगइनांत भिन्न नोंदी असल्या तर शेवटी वाचलेली ग्राह्य धरली जाते.

हे सर्व आम्हांला फोनवरून, रोज रात्री अर्धा-पाऊण तास, समजावून सांगण्यात आले. पुसलेले सगळे आम्हीच परत उभारून देऊ, असे आम्ही त्या रविवारीच कबूल केले होते. चिरंजीव दिवाळीला यायचे होते. हाती तीन महिने होते.

‘प्रोफाइल्स’मध्ये दोन महत्त्वाच्या याद्या मिळाल्या, एक मॉडची आणि एक प्लगइनांची. साध्या मजकुराच्या फाईली, वहीत उतरवून घ्याव्यात अशा. आज्ञावली आधी उघडली असती तर जे मॉड आता डिस्कवर नाहीत त्यांची नावे यादीतून गळून जाण्याचा धोका होता. ग्रंथ गेला होता, पण अनुक्रमणिका उरली होती. यादीत 118 मॉड होते आणि त्यांमध्ये गटांची शीर्षके होती, चक्क देवनागरीत: ‘हवा आणि ढग’, ‘घरे’, ‘चेहरे’, ‘हात लावू नये’. आपला मुलगा मराठीत चार ओळी लिहीत नाही अशी तक्रार आम्ही चारचौघांत केलेली आहे. ती शीर्षके आम्ही पुन्हा पुन्हा वाचली.

यादी घेऊन आम्ही नेक्सस मॉड्स या संकेतस्थळावर एकेक नाव शोधू लागलो. 112 सापडले. सहा सापडले नाहीत. बहुधा कर्त्यांनीच काढून घेतलेले. 2021 च्या मध्यापर्यंत तेथे कर्त्याला आपली फाईल पूर्णपणे पुसता येत असे. त्यानंतर फाईली पुसण्याऐवजी संग्रहात ठेवण्याचे धोरण आले आणि त्यावरून मोठा वाद झाला. लिहिलेले परत घेण्याचा हक्क लेखकाला असावा का, हा प्रश्न आम्ही आजवर केवळ वाङ्मयाचा समजत होतो.

मग चुका सुरू झाल्या. त्या सर्व आमच्या. पहिली अशी की एका संध्याकाळी उतावीळपणे आम्ही खेळ मॉड ऑर्गनायझरमधून सुरू न करता थेट स्टीमवरून सुरू केला. आभासी थर त्यामुळे पसरलाच नाही. एकही मॉड दिसेना. शिवाय चिरंजीवांनी नवी आवृत्ती येऊ नये म्हणून खेळ सुरू होईपर्यंत ती थोपवण्याची सोय करून ठेवली होती, ती आमच्या एका टिचकीने मोडली. खेळ 1.5.97 वरून 1.6 च्या पिढीत गेला. अनेक मॉड एसकेएसई नावाच्या जोडसाधनावर उभे असतात आणि ते साधन खेळाच्या नेमक्या आवृत्तीशी बांधलेले असते. त्यामुळे ते आणि त्यावर विसंबलेले मॉड नव्या आवृत्तीचे आणून बसवावे लागले.

दुसरी अडचण: खेळ सुरू होताच, पहिले चित्र दिसण्याआधीच बंद पडे. उजव्या रकान्यात एका नावापुढे इशाऱ्याची खूण होती. ते प्लगइन दुसऱ्या एका प्लगइनच्या आधारावर रचलेले होते आणि ते आधारभूत प्लगइन न सापडलेल्या सहांपैकी होते. मूळ ग्रंथ हरवला आणि टीका तेवढी उरली, तर वाचक निदान अंदाज बांधतो. खेळ अंदाज बांधत नाही. आम्ही ती टीकाही बाजूला काढली. खेळ सुरू झाला.

तिसरी चूक मात्र आमच्या विषयातली होती आणि म्हणून अधिक लाजिरवाणी. गावातली माणसे दिसू लागली, पण त्यांचे चेहरे काळेकरडे, धडांशी न जुळणारे. दोन आठवडे आम्ही एकेक मॉड बंद करून, पुन्हा चालू करून पाहिला. प्लगइनांचा क्रम लावून देणारे ‘लूट’ नावाचे साधन आहे, तेही चालवून झाले. अखेर चिरंजीवांनी विचारले, “डावीकडचा क्रम कसा लावलात?”

“यादीप्रमाणे. वरून खाली.”

“ती फाईल उलटी असते. खिडकीत सगळ्यांत खाली असतो तो यादीत सगळ्यांत वर.”

म्हणजे मॉडच्या फाईली आम्ही उलट्या अग्रक्रमाने लावल्या होत्या, आणि प्लगइने मात्र बरोबर. पात्राची नोंद एका मॉडची वाचली जात होती आणि चेहऱ्याची फाईल दुसऱ्याची. दोन परंपरांचे पाठ एकाच ओळीत मिसळले की काय होते, हे आम्ही फळ्यावर दरवर्षी दाखवतो. प्रत हाती आली की लेखकाची लेखनपद्धती आधी समजून घ्यावी, हा तर पहिल्या तासाचा धडा. रकाना उलटा केला तेव्हा चेहरे परत आले.

खरे नुकसान आम्हांला त्याच रात्री कळले. सगळे जुळले या आनंदात आम्ही विचारले, “आता काही राहिलं नाही ना?” तो सहज म्हणाला, “नोंदी गेल्या. त्या यायच्या नाहीत.” मॉड ऑर्गनायझरमध्ये प्रत्येक मॉडला आपली टीप जोडता येते आणि ती त्या मॉडच्याच फोल्डरात साठते. तो मॉड का घेतला, कशाशी भांडतो, कोणत्या दिवशी काय बिघडले, हे त्याने आठवीपासून लिहून ठेवले होते. “मराठीत?” आम्ही विचारले. “मग कशात लिहिणार?” तो म्हणाला.

ज्या फाईली आम्ही तीन महिने शोधत होतो त्या जगात हजारो संगणकांवर होत्या. त्या टिपा एकाच ठिकाणी होत्या. हस्तलिखिताच्या समासातील मजकूर हा लेखनिकाचा एकमेव स्वतःचा आवाज असतो, तो कधीही कापू नये, असे आम्ही पोथ्यांची छायाचित्रे काढणाऱ्या विद्यार्थ्यांना बजावत होतो. आणि त्या छायाचित्रांसाठीच आम्ही तो आवाज पुसला होता.

पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने महाभारताची चिकित्सक आवृत्ती 1966 मध्ये पूर्ण केली. वि. सी. सुखटणकरांच्या त्या पद्धतीत निर्धारित संहिता वर छापली जाते, आणि वगळलेले पाठ टाकून न देता तळटीपांत आणि परिशिष्टांत सांभाळले जातात. आम्ही विद्यार्थ्यांपुढे भर देतो तो वरच्या भागावर: प्रक्षेप ओळखा, दूर करा, मुळाकडे जा. आमचा मुलगा अठराव्या वर्षापर्यंत दुसऱ्या टोकाचे काम करत होता. मूळ अबाधित ठेवून 118 प्रक्षेपांना एकमेकांशेजारी नांदवायचे आणि प्रत्येकाची कैफियत खाली लिहून ठेवायची. त्याचा संगणक बंद करा असे आम्ही सांगत होतो, त्या वर्षांतही.

लीळाचरित्राची मूळ पोथी आक्रमणाच्या धामधुमीत गेली आणि अनुयायांनी ते स्मरणातून पुन्हा सिद्ध केले, असे महानुभाव परंपरा सांगते. हिराइसेला ते मुखोद्गत होते. तिच्या नावाचा पाठ आजही ओळखला जातो. आम्हांला त्यातून उपाय सुचला असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. दिवाळीत तो आला, खुर्चीवर बसला, आपला जुना साठवलेला खेळ त्याने उघडला. काही मजकूर आता उपलब्ध नाही, असा इशारा आला. त्याने क्षणभर पाहिले आणि पुढे जाण्याचे बटन दाबले. बर्फ पडत होता. तो म्हणाला, “ढग चुकलेत थोडे. पण चालेल.”

दुसऱ्या दिवशी आम्ही एक शंभरपानी वही घेऊन त्याच्या शेजारी बसलो आणि यादीतले पहिले नाव वाचून दाखवले. हे का घेतलंस? त्याने आमच्याकडे थोडे संशयाने पाहिले. परीक्षा आहे की काय, असे. मग सांगू लागला. आम्ही आळीपाळीने लिहून घेतले. त्याच्या मूळ शब्दांत ते नाही, आठवणीत फरक पडला असणार, आणि उतरवून घेणाऱ्यांचे व्याकरण मध्ये शिरले आहेच. तेव्हा वहीच्या पहिल्या पानावर तसे स्पष्ट लिहून ठेवले आहे.

सुटीत 41 नावे झाली. उरलेली फोनवर, रविवारी रात्री. गेल्या आठवड्यात ‘चेहरे’ हा गट सुरू झाला.