वैनगंगेच्या पलीकडे

आपल्या नागपूरकर जैन कुटुंबांची चंद्रपूरच्या दिशेची वाट बहुधा भद्रावतीला संपते. श्री पार्श्वनाथ प्रभूंचे दर्शन, पूजा, भोजनशाळेत प्रसाद आणि संध्याकाळी घरी परत. मीही अनेक वर्षे तेवढेच केले. त्या भूभागाच्या पूर्वेस वैनगंगा ओलांडली की एक निराळाच मुलूख सुरू होतो, याची जाणीव मला बँकेच्या कागदपत्रांतून होती. डोळ्यांनी तो पाहण्याचा योग मात्र निवृत्तीनंतर, एका मे महिन्याच्या पहिल्या आठवड्यात आला.

उमरेड, मिरचीसाठी प्रसिद्ध असलेले भिवापूर, नागभीड, ब्रह्मपुरी असा रस्ता आहे. ब्रह्मपुरी आणि आरमोरी यांच्यामध्ये वैनगंगेचा पूल लागतो आणि पूल ओलांडताच गडचिरोली जिल्ह्यात प्रवेश होतो. २६ ऑगस्ट १९८२ रोजी चंद्रपूरपासून वेगळा झालेला हा जिल्हा १४,४१२ चौरस किलोमीटर पसरलेला आहे. २०११ च्या जनगणनेनुसार लोकसंख्या १०,७२,९४२. म्हणजे एका चौरस किलोमीटरमागे अवघी ७४ माणसे. तीन-चतुर्थांश भूभाग वनाने आच्छादलेला. शाळेच्या भूगोलात सायबेरियाचे वर्णन वाचताना अफाट अरण्य, विरळ वस्ती आणि भूगर्भात दडलेली संपत्ती असे चित्र मनात उभे राहत असे. थंडी सोडली तर तेच चित्र आपल्या घरापासून चार तासांच्या अंतरावर आहे.

या प्रदेशाची रचना नद्यांनी केली आहे. चपराळ्याजवळ वर्धा आणि वैनगंगा एकत्र येऊन प्राणहिता होते. ती दक्षिणेस सिरोंचाजवळ गोदावरीला मिळते. पूर्वेची सीमा इंद्रावतीची. भामरागडला इंद्रावती, पर्लकोटा आणि पामुलगौतम यांचा त्रिवेणी संगम आहे. वैशाखात पात्रातील खडक उघडे पडलेले होते. पावसाळ्यात मात्र पर्लकोटेला पूर आला की भामरागडचा संपर्क तुटतो. सिरोंचा हे ब्रिटिश अमदानीत अप्पर गोदावरी जिल्ह्याचे मुख्य ठाणे होते. मध्य प्रांताचा कापूस गोदावरीतून नावांनी थेट पूर्व किनाऱ्यावर नेण्याची मोठी योजना त्या काळी हाती घेतली गेली होती. खडकाळ पात्रापुढे हात टेकून १८७१ मध्ये ती सोडून द्यावी लागली. रेल्वेच्या बाबतीतही हा जिल्हा मागेच राहिला आणि वडसा हेच कित्येक वर्षे त्याचे एकमेव मोठे रेल्वेस्थानक होते.

येथील मूळ वस्ती गोंड, माडिया, परधान, हलबा, कवर अशा समाजांची. त्यांपैकी माडिया हे महाराष्ट्रातील तीन विशेष असुरक्षित आदिवासी समूहांपैकी एक. सिरोंचाकडे तेलुगू कानी पडते, मुलचेरा भागात पूर्व बंगालमधून आलेल्या निर्वासितांच्या वसाहती आहेत आणि छत्तीसगडच्या सीमेवर छत्तीसगढी बोलली जाते. याच मातीतील बाबूराव सेडमाके यांनी १८५८ मध्ये इंग्रजांविरुद्ध शस्त्र उचलले आणि २१ ऑक्टोबर रोजी चंद्रपूरच्या कारागृहात फाशी स्वीकारली. हेमलकसा येथे बाबा आमटे यांनी १९७३ मध्ये लोकबिरादरी प्रकल्प सुरू केला; डॉ. प्रकाश आणि डॉ. मंदाकिनी आमटे यांच्या सेवेची कथा आपणा सर्वांना ठाऊक आहेच. नक्षलवादी हिंसेने या भागाची काही दशके पोखरली, हेही विसरता येत नाही.

आता संपत्तीविषयी. आलापल्लीचा सागवान सर्वश्रुत आहे. बांबूवर कागद कारखाने चालले. एटापल्ली तालुक्यातील सुरजागडच्या डोंगरात उत्तम प्रतीचे लोहखनिज आहे. तेथे आता खाणकाम चालते, त्यातून रोजगारही येतो. त्याच डोंगरावर दरवर्षी ठाकुरदेवाची यात्रा भरते. मोह, हिरडा, डिंक, लाख, चारोळी ही वनातील लहान उपज. मे महिना तेंदूपत्त्याचा. पहाटे रानात जाऊन पाने तोडायची, घरी येऊन ७० पानांचा एक पुडा बांधायचा आणि संध्याकाळी तो फळीवर मोजून द्यायचा, यात लहानथोर सारे घर गुंतलेले असते.

एवढी संपत्ती आणि तरीही एवढे दारिद्र्य, हे कसे? बँकेत असताना मी वनोपजाच्या व्यापाऱ्यांना गोदामातील मालाच्या तारणावर कर्जे मंजूर केली. तो माल गोळा करणारा मनुष्य कर्जदार म्हणून माझ्या टेबलासमोर कधीच बसला नाही, कारण त्याच्याकडे तारण नव्हते. ज्या वनात त्याच्या पिढ्या गेल्या, ते कागदोपत्री त्याचे नव्हतेच. मला तेव्हा त्यात काही वावगे वाटले नाही. नियम तसा होता.

एका आठवडी बाजारात पाहिलेला प्रसंग मात्र मनातून जात नाही. एक माडिया आजी टोपलीत चारोळी घेऊन आली होती. सोबत नातू होता, शाळेत शिकणारा असावा. दुकानदाराने टोपली इलेक्ट्रॉनिक काट्यावर ठेवताच तो शांतपणे म्हणाला, “शेठजी, टोपली काढा, काटा पहिले झिरोवर आणा.” शेठजींनी काटा शून्यावर आणला. तक्रार नाही, वाद नाही. आजी हसली. बस्तर ते भामरागड या पट्ट्यात एके काळी चारोळीच्या मोबदल्यात तिच्या वजनाइतके मीठ देऊन सौदे होत. आपल्या घरच्या श्रीखंडावर आणि बासुंदीत पडणारी चारोळी अशाच टोपल्यांतून आलेली असते.

त्या क्षणी मला अचौर्य अणुव्रताचे अतिचार आठवले. देताना कमी आणि घेताना अधिक मापणे, म्हणजे हीनाधिक मानोन्मान, याला आपल्या आचार्यांनी स्पष्टपणे चोरीच्या पंक्तीत बसवले आहे. श्रावकासाठी वर्ज्य सांगितलेल्या पंधरा कर्मादानांत वनकर्म आणि स्फोटकर्म, म्हणजे वन तोडण्याचा व भूमी फोडण्याचा व्यवसाय, यांचीही नावे आहेत. आपण ती प्रतिक्रमणात उच्चारतो. ती कोणत्या भूमीविषयी आणि कोणत्या माणसांविषयी आहेत, याचा विचार कितीदा करतो?

काटा दुसऱ्याच्या हातून आपल्या हाती आला की काय घडते, हे पाहायचे असेल तर धानोरा तालुक्यातील मेंढा (लेखा) येथे जावे. देवाजी तोफा आणि मोहन हिराबाई हिरालाल यांच्या सहवासात या गोंड गावाने अभ्यासगट चालवले आणि बहुमताऐवजी सर्वसहमतीने निर्णय घेण्याची रीत पाडली. एकाचा जरी विरोध असला तरी चर्चा पुढे चालू राहते. आपल्या अनेकान्त दृष्टीची आठवण व्हावी अशी ही पद्धत. २००६ च्या वनहक्क कायद्याखाली २००९ मध्ये गावाला सुमारे १,८०० हेक्टर वनावर सामूहिक हक्क मिळाला. तरीही स्वतःचा बांबू विकण्यासाठी वाहतूक परवाना मिळेना, कारण जुन्या कायद्यानुसार बांबू हे झाड आणि नव्या कायद्यानुसार गौण वनोपज. अखेर २७ एप्रिल २०११ रोजी केंद्रीय मंत्री जयराम रमेश आणि मुख्यमंत्री पृथ्वीराज चव्हाण यांच्या उपस्थितीत परवान्याचे पुस्तक ग्रामसभेच्या हाती आले. पुढे अनेक ग्रामसभा तेंदूपत्त्याचे लिलावही स्वतः करू लागल्या.

हे केवळ आपल्याकडचे नाही. सायबेरियातील याकुतियाची लोकसंख्याही सुमारे दहा लाख. तेथील हिरे सुरत-मुंबईच्या आपल्या बांधवांना परिचित आहेत. ते काढणाऱ्या कंपनीत त्या प्रजासत्ताकाचा २५ टक्के आणि तेथील जिल्ह्यांचा ८ टक्के हिस्सा आहे. ज्याच्या भूमीतून संपत्ती निघते त्याचे नाव भागधारकांच्या यादीत असावे, हे तत्त्व तेथेही मानले गेले.

आपण व्यापारी समाज आहोत. व्यापार सोडावा असे मी म्हणणार नाही. मात्र वनोपजाचा व्यवहार करणाऱ्या आपल्या बांधवांनी शक्य तेथे थेट ग्रामसभेशी करार करावा, वजनाची पावती द्यावी आणि रक्कम गोळा करणाऱ्याच्या खात्यात वेळेवर जमा करावी. पुढच्या वेळी भद्रावतीला जाल तेव्हा दोन दिवस अधिक काढा, वैनगंगा ओलांडा आणि आठवडी बाजारात जरा वेळ उभे राहा. काटा शून्यावर आहे ना, एवढेच पाहा. माझ्या मते तीही एक यात्राच आहे.

जय जिनेंद्र.